कोल्हापूरच्या जुन्या पेठांमधली एक संध्याकाळ: घाट, दूध कट्टा, देऊळ आणि खासबाग

कोल्हापुरात पहिल्यांदा येणारे बहुतेक पाहुणे सकाळी अंबाबाईचे दर्शन घेतात, दुपारी तांबड्या-पांढऱ्या रश्शाचे ताट जेवतात, दिवस मावळताना रंकाळ्यावर एक फेरी मारतात आणि रात्रीच्या गाडीने परत जातात. ही आखणी चुकीची नाही, परंतु तिच्यात या गावाची संध्याकाळ हाताला लागत नाही. पंचगंगेच्या घाटापासून खासबागेच्या कुस्ती मैदानापर्यंतचा पट्टा जेमतेम दोन-अडीच किलोमीटरचा आहे, आणि या पट्ट्यातल्या देवळांचे व खाण्याच्या ठिकाणांचे एक ठरलेले वेळापत्रक आहे. घाट उजेड असतानाच पाहायचा असतो, दूध कट्ट्यावर म्हशी येतात तेव्हाच पोहोचायचे असते, देवळात सांजआरतीच्या आगेमागे असावे आणि शुक्रवार असेल तर पालखीसाठी रात्री पुन्हा देवळात यावे. म्हणून माझा पहिला सल्ला असा की, ठिकाणांची यादी करण्याआधी वेळांची यादी करा आणि ही फेरी एखाद्या स्थानिक जाणकाराबरोबर पायी करा. पाहुण्यांना घेऊन मी ही वाट अनेकदा चाललो आहे. क्रम उलटा केला तर ठिकाणे तीच राहतात, पण त्यातले निम्मे हातचे निसटते.

दिवस आणि गाइड कसा निवडावा

जमत असेल तर शुक्रवार निवडावा. त्या दिवशी देवळात गर्दी अधिक असते, रांग लांब असते आणि महाद्वार रोडवर चालताना खांद्याला खांदा लागतो, तरीही रात्री साडेनऊच्या सुमारास निघणाऱ्या देवीच्या पालखीसाठी हा त्रास सोसण्यासारखा आहे. लहान मुले किंवा वयस्कर माणसे बरोबर असतील तर बुधवार-गुरुवार बरा. मंगळवार, रविवार आणि सुट्टीचे दिवस टाळावेत. नवरात्रात ही फेरी करूच नये, कारण त्या दिवसांतले कोल्हापूर वेगळे असते आणि तेव्हा ते दर्शनासाठीच पाहायला यावे.

गाइड ठरवताना चार गोष्टी आधीच विचारून घ्याव्यात. गटात किती माणसे असतील, खाण्याचे पैसे फीमध्ये धरले आहेत की वेगळे द्यायचे आहेत, वाटेत दुकानांत थांबणार का आणि फेरी नेमकी कुठे संपणार. आठ-दहांपेक्षा मोठा गट पेठांच्या गल्ल्यांत एकत्र राहत नाही. पुढचा माणूस वळला की मागच्यांना काही ऐकू येत नाही. ‘लगेच दर्शन घडवून देतो’ असे कोणी म्हणाले तर तेवढ्यावरून त्याला निवडू नये; देवळाची माहिती सांगणारा आणि रांग चुकवून देणारा ही दोन वेगळी माणसे असतात. दुकानांचा प्रश्नही मी मुद्दाम सांगतो आहे. एकदा बाहेरगावच्या नातेवाइकांबरोबर मीही अशाच एका फेरीत सामील झालो होतो. आमच्या गाइडने आम्हाला एका दुकानात चाळीस मिनिटे बसवून ठेवले आणि आम्ही देवळात पोहोचलो तेव्हा पालखी आत गेली होती. मावशी त्या पालखीसाठीच मुद्दाम शुक्रवार धरून आल्या होत्या. तेव्हापासून खरेदी दुसऱ्या दिवशी, हा नियम मी सगळ्यांना सांगतो. गुजरी या सराफ बाजारातला कोल्हापुरी साज आणि पापाच्या तिकटीजवळच्या चप्पलांची ओळ सकाळी निवांत पाहता येते. कोल्हापुरी चपलेला २०१९ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले आहे, त्यामुळे खरी चप्पल कशी ओळखायची हे दुकानदाराला विचारायला वेळ हाताशी ठेवावा.

‘तिकटी’ हा शब्द इथे पावलोपावली कानावर पडेल. तीन रस्ते जिथे मिळतात ती तिकटी. गाइड ‘पापाच्या तिकटीला भेटू’ किंवा ‘मिरजकर तिकटीवरून वळू’ म्हणाला, तर तो चौकाचाच पत्ता देतो आहे असे समजावे. देवीचे नावही लक्षात ठेवावे. फलकांवर आणि रेल्वेच्या गाडीवर महालक्ष्मी असे लिहिलेले असले, तरी गावाच्या तोंडी अंबाबाई आहे.

निघण्यापूर्वी

दुपारचे जेवण हलके ठेवावे आणि बारा-एकच्या सुमारास उरकावे. मिसळ हा इथला सकाळचा पदार्थ आहे, नावाजलेली ठिकाणे दुपारनंतर बहुधा आवरलेली असतात, म्हणून या फेरीत मिसळीचा आग्रह धरू नये. तांबडा-पांढरा रस्सा देवदर्शनानंतर रात्री जेवावा, की दुसऱ्या दिवशी दुपारी, हे ज्याने त्याने आपापल्या घरच्या रीतीप्रमाणे ठरवावे. मात्र मांसाहार करून देवळात जाणे बहुतेकांना रुचत नाही, म्हणून फेरीच्या आधी तरी तो नको. कपडे अंगभर घालावेत. चपला किंवा बूट पटकन काढता येतील असे असावेत, कारण पायताण तीन-चार ठिकाणी काढावे लागते. सुटे पैसे जवळ ठेवावेत, बरोबर पाण्याची बाटली असावी. गाडी बिंदू चौकाच्या वाहनतळावर किंवा राहत्या ठिकाणीच ठेवावी. महाद्वार रोडच्या परिसरात ती आत आणण्याचा प्रयत्न करण्यात अर्थ नाही. बिंदू चौकातून घाटापर्यंत रिक्षा करावी आणि तिथून पुढे सगळे पायी.

साडेपाच: पंचगंगा घाट

सुरुवात नदीपासून करावी. कासारी, कुंभी, तुळशी, भोगावती या चार नद्या आणि पाचवी गुप्त सरस्वती अशा पाच प्रवाहांची ही पंचगंगा. घाटाच्या दगडी पायऱ्यांवर आणि पात्राच्या कडेला लहान-मोठी देवळे आणि दीपमाळा उभ्या आहेत. उन्हाळ्यात पाणी उतरले की त्यांच्या पायापर्यंत जाता येते आणि पावसाळ्यात त्यांतल्या काहींची फक्त शिखरे दिसतात. पावसाळ्यात येणाऱ्यांनी म्हणून आधी पाण्याची पातळी विचारावी. कोल्हापूरकर त्या दिवसांत पंचगंगेवरच्या राजाराम बंधाऱ्यापाशी पाणी किती फूट चढले, हा आकडा रोज पाहतात. तिथे ३९ फूट ही इशारा पातळी आणि ४३ फूट ही धोका पातळी मानली जाते. घाटाच्या पायऱ्या तर त्याच्या कितीतरी आधी पाण्याखाली जातात. तेव्हा हा टप्पा वगळावा आणि फेरी थेट गंगावेशीतून सुरू करावी.

घाटाजवळच ब्रह्मपुरीची टेकडी आहे. आज तिच्याकडे पाहून काही विशेष वाटत नाही, परंतु विसाव्या शतकाच्या चाळिशीत इथे झालेल्या उत्खननात सातवाहन काळातली वस्ती उघडी पडली आणि रोमन बनावटीच्या कांस्याच्या वस्तू सापडल्या. त्यांत पोसायडन या सागरदेवाची वीतभर मूर्ती होती, ती टाऊन हॉलमधल्या संग्रहालयात आहे. दोन हजार वर्षांपूर्वी समुद्रापलीकडचा देव या नदीकाठी कोणी आणला असेल, हा प्रश्न मनात घेऊन पायऱ्या चढल्या की पुढच्या पेठा नुसत्या जुन्या वाटत नाहीत. एरवी या टप्प्यावर अर्ध्या तासापेक्षा जास्त थांबू नये.

दिवेलागण: गंगावेशीचा दूध कट्टा

घाटावरून गंगावेशीत यायला पायी दहा मिनिटे पुरतात. वाटेत एकमुखी दत्ताचे देऊळ आहे. दत्त म्हटले की तीन मुखे डोळ्यांसमोर येतात, इथे मात्र एकमुखी उभी मूर्ती आहे. पाच मिनिटे आत जाऊन यावे.

गंगावेशीचा दूध कट्टा हा या फेरीतला माझा सर्वांत आवडता थांबा आहे. दिवे लागण्याच्या सुमारास गवळी आपल्या म्हशी रस्त्याच्या कडेला आणून उभ्या करतात आणि गिऱ्हाइकाच्या देखत धार काढून देतात. जवळ उभे राहून पाहावे. गवळी म्हशीच्या पाठीवरून एकदा हात फिरवतो, उकिडवा बसतो, सडांवर पाण्याचा हबका मारतो, आणि पहिली धार भांड्याच्या तळावर पडते तेव्हा तिचा आवाज टणटणीत येतो. भांडे भरत जाते तसा तो आवाज बदलत मऊ होतो, शेवटी नुसता फेसात धार मुरल्याचा सूर राहतो. मग ते दूध ग्लासात ओतले जाते. ग्लासाच्या काठावर फेस उभा राहतो आणि ग्लास हाताला कोमट लागतो, कारण ती ऊब म्हशीच्या अंगाची असते. तालमीतली मुले, कामावरून परतणारी माणसे, नातवाला घेऊन आलेले आजोबा असे सगळे एकाच रांगेत उभे राहून ते पितात. साखर मागितली तर मिळते. गावची मंडळी बहुधा मागत नाहीत.

हे दूध न तापवलेले असते, म्हणून इथे सावधपणाही सांगणे माझे कर्तव्य आहे. लहान मुलांनी, गरोदर स्त्रियांनी, ज्यांचे पोट हळवे आहे किंवा आजारपणातून जे नुकते उठले आहेत त्यांनी ते पिऊ नये. पाहण्याचा आनंद पिण्याइतकाच आहे. बाकीच्यांनीही पहिल्या वेळी अर्धाच ग्लास घ्यावा, कारण पुढे भेळ आणि भजी आहेत. म्हशीच्या मागे उभे राहू नये, प्रकाशझोत टाकून छायाचित्र काढू नये आणि छायाचित्रापूर्वी गवळ्याला विचारावे. या माणसांचे आपल्या जनावरांवर किती प्रेम आहे हे दिवाळीच्या पाडव्याला दिसते, तेव्हा रंगवलेल्या शिंगांच्या, सजवलेल्या म्हशी शहरातून मिरवल्या जातात. मालकाने हाक मारताच त्याच्या मागे धावणारी म्हैस त्या दिवशी गावभर कौतुकाचा विषय होते.

पापाच्या तिकटीवरून महाद्वाराकडे

गंगावेशीतून पापाच्या तिकटीवर आणि तिथून महाद्वार रोडला लागावे. खण, बांगड्या, हळदी-कुंकू, भडंग, लोणची, गूळ यांच्या दुकानांमधून हा रस्ता देवळाकडे जातो. भडंगाचे पाकीट परतीच्या वाटेवर घ्यावे, नाहीतर संध्याकाळभर ते हातात वागवावे लागते. महाद्वारावरून तसेच थोडे पुढे गेले की बिनखांबी गणेश मंदिर लागते. त्याच्या मंडपाला आत खांब नाहीत, त्यावरूनच हे नाव पडले. आत उभे राहून एकदा वर पाहावे. तिथून मागे फिरून ताराबाई रोडने कपिलतीर्थ मंडईत शिरावे. भाजीच्या पाट्या, शेवंतीचे ढीग आणि वजनकाट्यांच्या मधोमध कपिलेश्वराचे देऊळ आहे. करवीरचे, म्हणजे कोल्हापूरचे, ग्रामदैवत हे कपिलेश्वर, आणि जुन्या घरांमध्ये कार्याच्या आधी त्याला आठवणीने नमस्कार केला जातो. अंबाबाईच्या दर्शनाला आलेल्या किती जणांना या देवाचा पत्ताही नसतो, याची मला दर वेळी हळहळ वाटते. पाहुण्याने गावच्या यजमानाला आधी भेटावे, तसे इथे दोन मिनिटे थांबावे.

साडेसात: अंबाबाईचे देऊळ

देवळात शिरायचे ते पश्चिमेच्या महाद्वारानेच, असा आग्रह गाइडकडे धरावा. त्याचे कारण दाराच्या नावात नसून सूर्यात आहे. अंबाबाईची मूर्ती पश्चिमाभिमुख आहे, आणि वर्षातून दोनदा, ९ ते ११ नोव्हेंबर आणि ३१ जानेवारी ते २ फेब्रुवारी या दिवसांत, मावळत्या सूर्याचे किरण महाद्वारातून आत येऊन गाभाऱ्यापर्यंत पोहोचतात. पहिल्या दिवशी ते चरणांवर, दुसऱ्या दिवशी मूर्तीच्या मध्यभागी आणि तिसऱ्या दिवशी मुखावर येतात, अशी या किरणोत्सवाची रीत आहे. हे दोन कालखंड २१ डिसेंबरच्या अलीकडे आणि पलीकडे साधारण बेचाळीस दिवसांवर येतात, म्हणजे सूर्य दक्षिणेकडे जाताना आणि परत येताना क्षितिजाच्या एकाच ठिकाणी मावळतो; बांधणाऱ्यांनी ते ठिकाण हेरले होते. ढग, धूळ आणि वाटेतली बांधकामे यांमुळे काही वर्षी किरण अर्ध्यावरच थांबतात, तेव्हा गाव खरोखर हिरमुसते. या दिवसांत येणाऱ्यांनी फेरीचा क्रम बदलून सूर्यास्ताच्या एक तास आधी देवळातच असावे.

मुख्य दर्शनाची रांग या फेरीत धरू नये. समोरून मुखदर्शन घ्यावे आणि गाभाऱ्याजवळचे दर्शन दुसऱ्या दिवशी पहाटे निवांत घ्यावे. मुखदर्शनातूनही काळ्या पाषाणाची चतुर्भुज मूर्ती, मागचा सिंह आणि हातांतली आयुधे ओळखता येतात, पण त्यासाठी म्हाळुंगाचे फळ, गदा, ढाल आणि पानपात्र असा क्रम गाइडने आधी बाहेरच सांगितलेला असावा. समोर उभे राहिल्यावर बोलायला वेळ मिळत नाही आणि बोलूही नये. धामधुमीच्या काळात मूर्ती पुजाऱ्यांच्या घरी दडवून ठेवली होती आणि करवीरचे छत्रपती दुसरे संभाजी महाराज यांच्या काळात, १७१५ मध्ये, सिधोजी घोरपडे यांच्या हस्ते ती पुन्हा स्थापन झाली, हा इतिहासही आधीच ऐकून ठेवावा. त्याच्या कितीतरी आधी इथले शिलाहार राजे आपल्या बिरुदांत महालक्ष्मीचा वरप्रसाद लाभल्याचे अभिमानाने लिहीत असत.

दर्शनानंतर लगेच बाहेर पडण्याची घाई करू नये. सांजआरतीचा घंटानाद ओसरला की देवळाला बाहेरून एक प्रदक्षिणा घालावी, आणि ती भिंतीकडे पाहत घालावी. देवळाचा तलविन्यास तारकाकृती आहे, म्हणजे भिंत सरळ न जाता कोनाकोनांनी आतबाहेर वळत जाते. दिवसा कडक उन्हात हे कोन एकमेकांत मिसळतात. रात्री बाजूच्या दिव्यांमुळे प्रत्येक कोनाची सावली वेगळी पडते आणि त्या सावल्यांमधून वाद्ये वाजवणाऱ्या, नाचणाऱ्या स्त्रियांची शिल्पे एकेक करून पुढे येतात. कित्येकींचे चेहरे झिजले आहेत, परंतु वाद्यावर टेकलेली बोटे आणि मुडपलेला गुडघा अजून स्पष्ट आहे. एका कोनापाशी थांबून एकच मूर्ती नीट पाहावी. आवारातले शेषशायी विष्णूचे देऊळ आणि नवग्रह पाहून होईपर्यंत सव्वाआठ वाजतात. आत छायाचित्रे काढू नयेत.

भवानी मंडपातून खासबागेत

पूर्वेकडून बाहेर पडले की भवानी मंडप लागतो. जुन्या राजवाड्याचा हा भाग, आणि आतल्या तुळजाभवानीला छत्रपतींच्या घराण्याचा मान आहे. रात्री आत जाता येतेच असे नाही. बंद असेल तर बाहेरून नमस्कार करून पुढे निघावे.

खासबाग इथून पायी सात-आठ मिनिटांवर आहे. राजर्षी शाहू महाराज १९०२ मध्ये युरोपला गेले होते, तिथली रोमची जुनी रिंगणे पाहून त्यांनी कुस्तीसाठी असे मैदान बांधण्याचे मनात घेतले आणि १९१२ मध्ये ते खुले झाले. त्याला लागूनच केशवराव भोसले नाट्यगृह आहे, ज्याला ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री आग लागली. त्या रात्री तिथे उभे असलेले कलावंत आणि रसिक रडत होते. तिथून जाताना गाइडला दोन शब्द त्याबद्दल सांगू द्यावेत.

खाणे इथे करायचे. मैदानाशेजारची राजाभाऊंची भेळ गावभर प्रसिद्ध आहे, आणि तिच्या आसपास गाड्यांची खाऊगल्ली भरते. कोल्हापुरी भेळेत चुरमुऱ्यांचा कुरकुरीतपणा टिकवणे हीच कला असते, त्यामुळे चिंचेचे पाणी बेताचे पडते आणि भेळ हातात आल्याबरोबर खावी लागते. बोलत राहिलात तर ती मऊ पडते. तिखट कमी हवे असेल तर कालवण्याआधी सांगावे. ‘मध्यम’ म्हटले तरी बाहेरगावच्या माणसाला ती झणझणीतच लागते. दोघांत एक भेळ, मग कांदाभजी किंवा वडा, आणि शेवटी कॉकटेल आइस्क्रीम, म्हणजे फळांचे तुकडे व जेली घालून एकत्र केलेले दोन-तीन प्रकारचे आइस्क्रीम, हा क्रम पोटाला झेपतो. जिथे गर्दी आहे आणि तळण समोर होते आहे तिथेच खावे, उघडे कापून ठेवलेले फळ आणि सुटे पाणी टाळावे. खाऊगल्ली शोधायला रंकाळ्यावर जाण्याचा मोह होईल, पण तो वेगळ्या संध्याकाळचा विषय आहे. दोन्ही एका रात्रीत बसवले की पालखी चुकते.

साडेनऊ: पालखी

शुक्रवार असेल तर नऊ वाजून दहा मिनिटांनी खासबागेतून निघावे. देवळात पुन्हा शिरताना हात-तोंड धुऊन घ्यावे. पालखी देवळाच्या आवारातच प्रदक्षिणा घालते, त्यामुळे मार्गाच्या कडेला भिंतीला पाठ लावून उभे राहिले तर धक्काबुक्की होत नाही आणि मुलांनाही दिसते. नेमके कुठे उभे राहायचे हे गाइडला आधीच विचारून ठेवावे. चोपदारांची ललकारी ऐकू आली की फोन खिशात ठेवावा. फुलांनी सजवलेली पालखी हाताच्या अंतरावरून जाते आणि शेजारच्या बायका पदर पुढे करून वाकतात, तेव्हा आपोआप आपलीही मान लवते.

शेजारतीनंतर दहाच्या सुमारास देऊळ बंद होते. गाइडला फी द्यायची ती इथे, महाद्वाराबाहेर, ठरलेली रक्कम मोजून द्यावी आणि मन भरले असेल तर वर थोडे अधिक द्यावे. परतीची रिक्षा देवळाच्या दारात शोधत बसू नये, पाच मिनिटे चालून बिंदू चौकात यावे. तिथे रात्री उशिरापर्यंत रिक्षा मिळते, आणि बसण्यापूर्वी भाडे विचारून घ्यावे.